कैंचीदांचा विद्यार्थी

ती. आई-बाबा,
साष्टांग नमस्कार.

बाबा, परवा फोनवर तुम्ही विचारलंत, "अकरा वर्षं कष्टाने चित्रपटांचं संकलन शिकलीस, आता ते सोडून दिग्दर्शन कशाला? वर पैसेही स्वतःचेच?" तेव्हा स्टुडिओत मिक्सिंग चालू होतं, धड बोलता आलं नाही. म्हणून पत्र.

तुम्ही जन्मभर रसायनशास्त्र शिकवलंत, म्हणून हृषीदांचंच सांगते. दिग्दर्शक हृषिकेश मुखर्जी रसायनशास्त्राचे पदवीधर. काही काळ गणित-विज्ञान शिकवलंसुद्धा! मग कोलकात्याच्या न्यू थिएटर्स या चित्रपटसंस्थेत आधी कॅमेरा, नंतर संकलन. तिथे गुरू मिळाले सुबोध मित्र. त्यांना सगळे 'कैंचीदा', म्हणजे कात्रीवाले दादा, म्हणत. 1951 मध्ये दिग्दर्शक बिमल रॉय यांच्याबरोबर हृषीदा मुंबईला आले. 'दो बिघा जमीन'चं संकलन त्यांचं.

दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट 'मुसाफिर', 1957 चा. एक घर आणि त्यात एकामागून एक राहून गेलेली तीन कुटुंबं. तो चालला नाही. पुढच्याच वर्षी 'मधुमती' आला, संकलक पुन्हा हृषीदा. 'अनाडी' गाजला, 'अनुराधा'ला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं, तरी 1965 मध्ये 'चेम्मीन' या मल्याळम चित्रपटाच्या संकलनाला ते बसलेच. बाबा, त्यांनी कात्री कधी सोडली नाही. मीही सोडणार नाही.

आई, 'आनंद'चा शेवट आठव. आनंद गेलेला आहे, त्याचा डॉक्टर मित्र भास्कर त्याला बोल, बोल म्हणून विनवतो आहे, आणि फिरत्या टेपमधून अचानक त्याचाच आवाज येतो. तू दर वेळी तिथे पदर डोळ्यांना लावतेस. तो आवाज येण्याआधी किती वेळ जाऊ द्यायचा, हे कुणीतरी ठरवलंय गं. क्षणभर आधी आला असता तर आपण रडलो नसतो. दिग्दर्शक, संकलक हृषीदाच आणि निर्मातेही, एन. सी. सिप्पींच्या जोडीने. त्यामुळे त्या क्षणासाठी त्यांना कुणाची मनधरणी करावी लागली नसणार, असं मला वाटतं.

मला ती करावी लागते. गेल्या वर्षी एका चित्रपटात आईच्या चेहऱ्याचा एक शॉट घ्यायचाच राहून गेला होता. तीन रात्री सगळं फुटेज पुन्हा पुन्हा पाहिलं. जे घेतलंच नाही ते टेबलावर कुठून सापडणार? तिसऱ्या रात्री ठरवलं, एकदा तरी आपण स्वतः कॅमेऱ्याशेजारी उभं राहायचं.

वीस मिनिटांचा लघुपट आहे. पैसे माझ्या साठवणीतले, कर्ज काढलेलं नाही. दिवाळीनंतर सहा दिवस आपल्या जुन्या घरात, माजघरात शूटिंग करीन म्हणते. बाबा, तुमची परवानगी हवी. आणि आई, माणसं येणार म्हणून फडताळ आवरायला घेऊ नकोस. पितळी डबे, ते तडा गेलेलं बरणीचं झाकण, सगळं आहे तसंच राहू दे.

तुमची,
चिनू