जेवणाआधीचा कडू घोट

मिलान

ती. दादा व वहिनी,
सा. नमस्कार.

दादा, त्या फोटोतल्या लाल ग्लासाबद्दल तू विचारलंस. फोनवर ते राहूनच गेलं, म्हणून आता सविस्तर लिहिते. त्याला अमेरिकानो म्हणतात. कॉफीचंही हेच नाव, पण कॉफीचा यात थेंब नाही. कॅम्पारी म्हणजे इथली लाल, कडू दारू, गोड लाल व्हर्मूथ म्हणजे वनौषधी घातलेली वाइन, आणि सोडा, बस्स. कॅम्पारी १८६० मध्ये गास्पारे कॅम्पारींनी नोवारा गावात बनवली आणि पुढे ती मिलानची झाली. व्हर्मूथ तूरिनची. म्हणून याच दोघींच्या बिनसोड्याच्या पेयाला इथे मिलानो-तोरिनो म्हणतात.

घरी करायला अगदी सोपं आहे. ग्लास आधी फ्रीजमध्ये ठेव. मग त्यात बर्फाचे मोठे खडे काठोकाठ भर, कारण चुऱ्याचं लगेच पाणी होतं. त्यावर ३० मिली कॅम्पारी आणि ३० मिली व्हर्मूथ ओत. सोडा मी साधारण ६० मिली घालते. खरी मेख सोड्यातच आहे. तो थंडगार हवा आणि बाटली त्याच वेळी फोडलेली हवी. इथे दुओमोसमोर, म्हणजे मोठ्या चर्चसमोर, गॅलरी नावाच्या छताच्या बाजाराच्या तोंडाशी १९१५ साली कॅम्पारींच्या मुलाने, दाविदेने, बार काढला, तेव्हा तळघरातून थेट काउंटरपर्यंत गार सोड्याची नळी आणली होती. इतकं महत्त्व त्या गारव्याला! सोडा ग्लासच्या कडेने सोड, लांब चमचा तळापर्यंत नेऊन एकदाच अलगद वर उचल आणि थांब. ढवळत बसलास तर बुडबुडे जातात आणि उरतो तो नुसता कडू पाक. वर जाड सालीच्या माल्टाची चकती टाक. आपल्या नागपुरी संत्र्याची साल सैल, चकती धड पडत नाही.

पहिला घोट कडू लागेल, पण मागून गोडवा येतो. पाडव्याला आई कडुनिंब आणि गूळ एकत्र देते ना, तसं. त्या कडवटपणाने तोंडाला पाणी सुटतं, भूक लागते, म्हणूनच हे जेवणाआधी घ्यायचं. इथे लोक सहा-सातला एक ग्लास घेऊन तासभर गप्पा मारतात. सोबत ऑलिव्ह नाहीतर बटाट्याचे वेफर्स. खारे शेंगदाणेही चालतील, पण तिखट फरसाण नको, त्यापुढे व्हर्मूथची चवच लागत नाही. सोड्यामुळे हे वाइनपेक्षाही हलकं होतं. सोड्याऐवजी जिन घातली की निग्रोनी होते, आणि ती मला जेवणाआधी फार जड वाटते.

एक मात्र लक्षात ठेव. व्हर्मूथ ही मुळात वाइनच. एकदा उघडली की फ्रीजमध्येच ठेवायची आणि महिना-दोन महिन्यांत संपवायची. बाबांच्या शोकेसमध्ये व्हिस्कीशेजारी उभी केलीस तर वाया जाईल. कॅम्पारीला तशी घाई नाही.

वहिनी घेत नाही, म्हणून तिच्यासाठी क्रोदिनोच्या छोट्या बाटल्या आणते. केशरी रंगाचं, बिनदारूचं पेय आहे. तेही असंच कडूगोड, आणि बर्फ टाकून छान लागतं.

दिवाळीला कॅम्पारी मी आणतेच आहे. व्हर्मूथ तू मुंबईहून मागवून ठेव, आणि सोड्याच्या बाटल्या आदल्या रात्रीच फ्रीजमध्ये टाक.

तुझी,
छोटी