ती चौकट आणि चॅटोचं पदक

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवारच्या पुरवणीत अपाची हेलिकॉप्टरवर पानभर लेख आला होता. हेलिकॉप्टरची माहिती चांगली होती, त्याबद्दल तक्रार नाही. तक्रार आहे ती खालच्या चौकटीबद्दल. तिथे लिहिलं होतं, की अपाची ही अमेरिकेतली एक कडवी, लुटारू टोळी आणि तिचा म्होरक्या जेरोनिमो याला १८८६ साली पाच हजार अमेरिकी सैनिकांनी पकडलं. नातवाने ती चौकट मोठ्याने वाचून दाखवली. आमच्या घरात अपाची म्हणजे आजवर त्याची मोटारसायकल होती, त्यामुळे तो खूश. माझा चहा मात्र गार झाला.

मी कोर ऑफ सिग्नल्समधून, म्हणजे लष्कराच्या संदेशवहन विभागातून, सुभेदार म्हणून निवृत्त झालो. इतिहासाचा पदवीधर नाही. पण मुलगी आणि जावई ॲरिझोनात फिनिक्सला असतात, आणि तीन वर्षांपूर्वी आम्ही दोघं तिकडे चार महिने होतो. मॉल बघून कंटाळलो तेव्हा जावईबापूंनी विचारलं, कुठे जायचं? मी म्हटलं, फोर्ट बोवी, अपाचींशी लढणाऱ्या फौजेची जुनी छावणी. त्यांना ठाऊक नव्हतं. मला ठाऊक होतं, कारण जबलपूरला ट्रेनिंगमध्ये असताना काचेच्या कपाटात एक हेलिओग्राफ, म्हणजे आरशाने उन्हाचे इशारे पाठवायचं यंत्र, ठेवलेला होता आणि आमच्या उस्तादांनी सांगितलं होतं, की हे यंत्र ॲरिझोनाच्या डोंगरांत अपाचींवर वापरलं गेलं. ते डोक्यात राहिलं होतं.

फिनिक्सहून गाडीने जवळजवळ चार तास लागतात. गाडी लावल्यावर पुढे दीड मैल पायवाट. किल्ला म्हणून सातारकर माणूस तट-बुरूज शोधायला लागतो, तर तिथे तटच नाही, कधी नव्हताच. मातीच्या विटांच्या पडक्या भिंती आणि मधे निशाणाची काठी. ही छावणी तिथे का, याचं उत्तर वाटेतच मिळतं. एक लहानसा झरा आहे, करंगळीएवढी धार. त्या सगळ्या रखरखाटात भरवशाचं पाणी तेवढंच, म्हणून टपालाच्या घोडागाड्या तिथूनच जात, अपाची तिथेच उतरत आणि भांडणही तिथेच पेटलं.

१८६१ सालचा फेब्रुवारी. एका शेतकऱ्याचा मुलगा अपाचींनी पळवला होता. लेफ्टनंट बॅस्कम नावाच्या नवख्या अधिकाऱ्याने चिरिकाहुआ या अपाचींच्या एका शाखेचा प्रमुख कोचीस याला तंबूत बोलावलं. कोचीस बायको-मुलांना आणि भावाला घेऊन आला, म्हणजे लढायला आलेला नव्हता. तो म्हणाला, मुलगा आमच्याकडे नाही, दुसऱ्या लोकांनी नेला असेल, मी शोध घेतो. ते खरंही होतं. बॅस्कमने सांगितलं, मुलगा येईपर्यंत तुम्ही कैदेत. कोचीसने सुरीने तंबूचं कापड फाडलं आणि निसटला, घरचे मागे अडकले. पुढे कोचीसने स्वतः ओलीस धरलेली माणसं मारली, आणि फौजेने त्याचा भाऊ आणि पुतणे यांना झाडाला लटकवलं. त्यातून जे युद्ध पेटलं ते अकरा वर्षं चाललं. एका लेफ्टनंटची घाई! असे तरुण साहेब आम्हीही पाहिलेत, पण त्यांच्या शेजारी एखादा जुना सुभेदार असायचा.

पुढे १८६३ च्या जानेवारीत मांगास कोलोरादास, कोचीसचा सासरा, वयाने सत्तरीच्या आसपास, पांढऱ्या निशाणावर विश्वास ठेवून बोलणीला आला. त्याला धरलं. रात्री पहारेकऱ्यांनी संगिनी तापवून त्याच्या पायांना चटके दिले, तो उठला तशी गोळी घातली आणि कारण नोंदवलं, कैदी पळत होता. नंतर त्याचं डोकं कापून, उकळून, कवटी पूर्वेकडे अभ्यासाला पाठवली. पांढरं निशाण म्हणजे काय हे शिपायाला कोणी शिकवावं लागत नाही. म्हणून हा प्रसंग मला लढाईतल्या कुठल्याही कापाकापीपेक्षा वाईट वाटतो.

आता 'लुटारू' या शब्दाकडे येतो. मी अपाचींचा देव्हारा मांडायला बसलेलो नाही. त्यांनी मेक्सिकोच्या सोनोरा आणि चिवावा प्रांतांत पिढ्यानपिढ्या धाडी घातल्या, गुरं नेली, माणसं मारली, मुलं पळवली. पण त्याच प्रांतांच्या सरकारांनी अपाचीच्या टाळूवर इनाम लावलं होतं, पुरुषाचं जास्त, बाईचं कमी, मुलाचं त्याहून कमी, हेही त्याच चौकटीत यायला हवं होतं. आणि १८७१ सालचं कॅम्प ग्रँट? फौजेच्या छावणीजवळ, फौजेच्या परवानगीने, अरावाइपा अपाची शांतपणे राहत होते, सैन्याच्या घोड्यांसाठी गवत कापून देत होते. ३० एप्रिलला पहाटे टूसॉन गावच्या लोकांनी, त्यांत गोरे होते, मेक्सिकन होते आणि अपाचींचे जुने वैरी तोहोनो ओओधामही होते, शंभराहून जास्त जणांना झोपेतच मारलं. बहुतेक बायका-मुलं, कारण पुरुष शिकारीला गेलेले. खटला झाला. ज्यूरीला सगळे निर्दोष ठरवायला एकोणीस मिनिटं लागली.

त्याच १८७१ साली इंग्रजांनी आपल्याकडे गुन्हेगार जमातींचा कायदा केला, हा योगायोगच. पण ज्यांच्या आजोबांनी सोलापूरच्या तारेच्या कुंपणात हजेरी दिली त्यांना विचारा, जन्मतःच 'लुटारू' म्हणजे काय ते. 'टोळी' हाही असाच शब्द. दरोडेखोरांचीही टोळी आणि माणसांच्या एका समाजाचीही टोळीच. अपाची स्वतःला 'न्दे' म्हणतात. अर्थ एवढाच : माणसं. जेरोनिमो त्यांचा म्होरक्याही नव्हता. तो वैदू-मांत्रिक होता आणि लढाईत पुढे असायचा. १८५१ च्या सुमाराला मेक्सिकन सैनिकांनी त्याची आई, बायको आणि तिन्ही मुलं मारली, तेव्हापासून.

पण माझ्या पत्राचं खरं कारण 'पाच हजार सैनिकांनी पकडलं' हे आहे. आकडा बरोबर आहे, वाक्य चूक आहे.

१८८६ मध्ये जनरल माइल्सच्या हाताखाली खरंच सुमारे पाच हजार सैनिक होते. समोर जेरोनिमोची चाळिसाच्या आतबाहेर माणसं, लढणारे त्यांत दीड डझन, बाकी बायका आणि मुलं. माइल्सने डोंगरांच्या माथ्यांवर हेलिओग्राफची सत्तावीस ठाणी बसवली. तिपाईवर आरसा, त्यावर सूर्य धरायचा, कवडसा समोरच्या डोंगरावर टाकायचा आणि तो तोडून-जोडून मोर्सचं डिट-डा पाठवायचं. ढग नसले की चाळीस-पन्नास मैल सहज. आणि ॲरिझोनात ढग कुठले! हे यंत्र काढलं हेन्री मान्स या इंग्रजाने, कराचीत, तारखात्यात नोकरी करताना, १८६९ साली. कराची तेव्हा मुंबई इलाख्यात होती. म्हणजे अपाचींना शोधणारा आरसा एका अर्थी आपल्याच इलाख्यात घासला गेला. फोर्ट बोवीला उभं राहून मी समोरची शिखरं मोजली आणि कुठून कुठे लाइन मिळाली असती याचा अर्धा तास हिशेब केला. सौ. सावलीत बसून राहिल्या.

तर बातम्या भराभर धावल्या, पण माणूस सापडला नाही. या डोंगरांत अपाचीला अपाचीच शोधू शकतो, हे माइल्सच्या आधीचा जनरल क्रुक केव्हाच ओळखून होता. त्याने अपाचींनाच स्काउट, म्हणजे माग काढणारे वाटाडे, म्हणून भरती केलं. सामान खेचरांवर, डोक्याला लाल पट्टी, पगार सरकारी. १८८३ मध्ये तो मेक्सिकोतल्या सिएरा माद्रे डोंगरांत घुसला तेव्हा त्याच्यासोबत १९३ अपाची स्काउट आणि जेमतेम पन्नासेक गोरे घोडेस्वार होते. आणि १८८६ च्या ऑगस्टमध्येही शेवटी काय झालं? लेफ्टनंट गेटवुड, आणि त्याच्या पुढे कायिता आणि मार्टीन हे दोन चिरिकाहुआ अपाची. ते दोघे पांढरं निशाण घेऊन जेरोनिमोच्या तळावर चढून गेले. वरच्यांनी गोळी घातली असती तर कोणी दोष दिला नसता. त्यांनी बोलणी जुळवली. ४ सप्टेंबरला स्केलेटन कॅन्यनमध्ये जेरोनिमोने बंदूक ठेवली. त्याला कोणी पकडलं नाही. बायका-मुलं लवकरच भेटतील या शब्दावर तो आला.

८ सप्टेंबरला त्यांना फोर्ट बोवीहून आगगाडीकडे नेलं, तेव्हा पलटणीच्या बँडने थट्टेने निरोपाचं गाणं वाजवलं. पुरुषांना फ्लोरिडाच्या एका टोकाला फोर्ट पिकन्समध्ये ठेवलं, बायका-मुलांना दुसऱ्या टोकाला फोर्ट मॅरियनमध्ये. दिलेला शब्द गेला. पिकन्सला तर कैदी बघायला सहलीच्या बोटी येत.

आणि ते दोन स्काउट? कायिता आणि मार्टीन? तेही त्याच आगगाडीत. कैदी म्हणून.

ते दोघेच नव्हते. जे चिरिकाहुआ अपाची जेरोनिमोबरोबर कधी गेलेच नव्हते, राखीव प्रदेशात शेती करत होते, त्यांनाही उचललं. फौजेचा पगार घेतलेले स्काउटही त्यांत. एकूण सुमारे पाचशे जण. त्यांतला एक चॅटो. हा चॅटो १८८३ पर्यंत स्वतः भयंकर धाडी घालणारा. न्यू मेक्सिकोत त्याच्या माणसांनी एका न्यायाधीशाला आणि त्याच्या बायकोला मारून सहा वर्षांचा मुलगा नेला होता, ते विसरून चालणार नाही. पण क्रुकपुढे हत्यार ठेवल्यावर तो स्काउट झाला, सार्जंट झाला आणि जेरोनिमोच्या मागावर फौजेसाठी राबला. त्याची स्वतःची बायको-मुलं मेक्सिकन लोकांनी पकडून नेलेली होती. सरकार ती सोडवून देईल ही त्याची आशा. १८८६ च्या जुलैमध्ये त्याला शिष्टमंडळाबरोबर वॉशिंग्टनला नेलं, मोठ्या लोकांना भेटवलं, चांदीचं पदक दिलं. परतीच्या वाटेवर कॅन्ससमध्ये आगगाडी थांबवली, त्यांना दोन महिने फोर्ट लेव्हनवर्थला अडकवलं आणि तिथून थेट फ्लोरिडाला, कैदेत.

१८९० च्या जानेवारीत क्रुक अलाबामाच्या छावणीत या कैद्यांना भेटायला गेला. तो स्वतः दोन महिन्यांनी वारला. चॅटोने छातीवरचं पदक हातात धरून त्याला विचारलं, की हे मला काय कोठडीत घालायला दिलं होतं? क्रुकने काय उत्तर दिलं असेल, संपादक महाशय? माझ्याही कपाटात तीन पदकं आहेत. दर पंधरा ऑगस्टला काढून पुसतो. हा प्रसंग वाचल्यापासून पुसताना चॅटो आठवतो.

त्यांची कैद २७ वर्षं चालली. फ्लोरिडा, अलाबामा, मग ओक्लाहोमातलं फोर्ट सिल. दमट हवेत डोंगरी माणसं क्षयाने मेली. शंभरावर मुलं पेन्सिल्व्हेनियातल्या कार्लाइलच्या शाळेत नेली, केस कापले, भाषा बंद केली, त्यांतली बरीच खोकत परत आली किंवा आलीच नाहीत. जेरोनिमोला १९०४ च्या सेंट लुइसच्या जागतिक प्रदर्शनात बसवलं, तिथे तो आपले फोटो आणि सह्या विकायचा. १९०५ मध्ये राष्ट्राध्यक्ष रुझवेल्टच्या मिरवणुकीत घोड्यावर बसवलं. घरी जाऊ द्या म्हणाला, तर नाही म्हणाले. १९०९ च्या फेब्रुवारीत तो फोर्ट सिललाच न्यूमोनियाने गेला, युद्धकैदी म्हणूनच. सुटका १९१३ मध्ये झाली. तेव्हा सुटलेल्यांत जन्मल्यापासून कैदी असलेली माणसं होती. चॅटो न्यू मेक्सिकोत मेस्कालेरोला गेला आणि १९३४ मध्ये मोटारच्या अपघातात वारला.

फोर्ट बोवीच्या वाटेवर एक छोटं कब्रस्तान आहे. सैनिकांच्या थडग्यांत एक पाटी जेरोनिमोच्या दोन वर्षांच्या मुलाची आहे. तिथे आमच्या सौ. थांबल्या, पर्समधून खडीसाखर काढून पाटीपाशी ठेवली. मी काही बोललो नाही.

२०१९ मध्ये पठाणकोटला अपाची हेलिकॉप्टरं हवाई दलात दाखल झाली. त्याच वर्षी आलेलं चिनूक, तेही तिकडच्या एका आदिवासी समाजाचं नाव. ज्यांच्याशी लढलो त्यांचीच नावं हत्यारांना द्यायची ही अमेरिकी फौजेची रीत आहे, काही आदिवासींना ती मानाची वाटते, काहींना नाही. त्यात मी पडत नाही.

माझी विनंती चौकटीपुरती आहे. दुरुस्ती छापावी. पत्र लांबलंय याची कल्पना आहे, जुन्या सिग्नलवाल्याला लांब संदेश पाठवायला लाज वाटली पाहिजे. जागा कमी पडली तर हेलिओग्राफचा भाग खुशाल कापा. चॅटोचा ठेवा.

आपला,
एक वाचक (निवृत्त सुभेदार, सिग्नल्स)
कोरेगाव, जि. सातारा