न्यायमूर्ती, तुमची एक वेलांटी राहिली

एडिंबरा,
शनिवार, रात्री उशिरा

प्रिय न्यायमूर्ती,

निवृत्त झालास म्हणून ही हाक मी सोडणार नाही. तू आमच्या तालुक्याला होतास ती तीन वर्षं तू माझी सगळी प्रकरणं शेजारच्या कोर्टाकडे वर्ग केलीस. भर कोर्टात तुला ‘साहेब’ म्हणायची माझी हौस तशीच राहिली, ती आता पत्रातून भागवतो.

लेकीकडे येऊन तीन आठवडे झाले. तब्येत बरी आहे. इथला पाऊस वरून पडत नाही, समोरून येतो. छत्री दुसऱ्याच दिवशी उलटी झाली, आता टोपी घालून हिंडतो. नातीला शाळेत सोडलं की दुपारपर्यंत मी मोकळा.

निघायच्या आदल्या दिवशी तू फोनवर म्हणालास, ‘जुन्या कागदांचे ते दोन रुमाल मी पुन्हा माळ्यावर टाकले. पन्नासेक मोडी कागद लावून बघितले. त्यातून इतिहास निघत नाही रे, नुसत्या तारखा आणि रकमा निघतात.’ तेव्हा मला उत्तर सुचलं नाही. इथे ते देणारा एक माणूस भेटला. वारून सव्वादोनशेच्या वर वर्षं झालीत, पण व्यवसायानं तुझाच भाऊबंद. न्यायाधीश, आणि जुन्या कागदांचं वेड.

सर डेव्हिड डॅलरिंपल, म्हणजे लॉर्ड हेल्स. जन्म १७२६, एडिंबराचाच. ‘लॉर्ड’ ऐकून जहागीरदार समजू नकोस. इथल्या वरच्या कोर्टात न्यायाधीश झालं की आपल्या जमिनीच्या नावापुढे लॉर्ड लावायची पद्धत. भावंडांच्या मोठ्या लेंढारातला हा थोरला. इंग्लंडात ईटनला शिकला, मग कायद्यासाठी हॉलंडात युट्रेक्टला गेला. स्कॉटलंडचा कायदा रोमन कायद्यावर बेतलेला, त्यामुळे इथली वकिलांची पोरं तेव्हा लंडनपेक्षा हॉलंडकडे पळत. १७४८ मध्ये सनद घेतली. वक्ता म्हणून काही चमकला नाही, पण तेव्हा इथलं बरंचसं काम लेखी चाले, छापील कैफियतींवर. ज्याची लेखणी पक्की त्याचं भागायचं. १७६६ मध्ये कोर्ट ऑफ सेशनवर, म्हणजे इथल्या वरच्या दिवाणी कोर्टावर, बसला आणि १७७६ पासून फौजदारीकडचंही काम त्याच्याकडे आलं.

ते कोर्ट पाहून आलो. पार्लमेंट हॉल म्हणून लांबलचक दालन आहे, वर लाकडी कमानींचं छत. तिथे वकील अजूनही जोडीजोडीनं येरझाऱ्या घालत बोलतात. चालत राहिलं की बोलणं तिसऱ्याच्या कानावर पडत नाही. आपण बार रूममध्ये चहाच्या टेबलावर बसून अख्ख्या तालुक्याला ऐकू जाईल असं बोलायचो, ते आठवलं. हेल्सच्या काळी पंधरा न्यायाधीश एकत्र बसत. पंधरा! तुला एकट्यालाच एवढा वेळ लागायचा, पंधरांचं काय होत असेल.

आता मुद्द्याची गोष्ट. हा माणूस अक्षरन् अक्षर बघणारा. ऱ्हस्व-दीर्घ सोडायचा नाही, तुझ्यासारखा. इंग्रजीचा मोठा कोश करणाऱ्या डॉक्टर जॉन्सनचा चरित्रकार बॉझवेल इथलाच वकील. त्या सगळ्या न्यायाधीशांवर रचलेलं एक टवाळ गाणं तेव्हा फिरायचं, ते बॉझवेलचंच मानतात. त्यात हेल्स म्हणतो, या प्रकरणात मी काय निवाडा देणार, ‘जस्टिस’च्या शेवटचा ‘ई’च गळालाय!

हे वाचलं आणि मला तू आठवलास. ‘आजचे दीनी’ असं लिहिलेला अर्ज तू परत केलास, तेव्हा बार रूममध्ये ते दोन चरण फिरले होते:

साक्षी झाल्या, पुरावे झाले, झाला सारा खर्च;
एक वेलांटी दीर्घ निघाली, परत आला अर्ज.

ते माझे होते. इतकी वर्षं तू विचारलं नाहीस, मी सांगितलं नाही. आज कबुलीजबाब देतो. शिक्षा काय ती दे.

गंमत म्हणजे ज्या बॉझवेलनं टर उडवली त्याला जॉन्सनचं नाव आणि थोरवी कळली ती पुष्कळशी हेल्समुळेच. पुढे १७६३ मध्ये बॉझवेलनं जॉन्सनला हेल्सची ओळख सांगितली, तर त्या म्हाताऱ्यानं न पाहिलेल्या हेल्सच्या नावानं पेला भरून घेतला. नंतर हेल्सच्या ग्रंथाचे कागद बॉझवेलच्या हातून लंडनला जायचे आणि जॉन्सन ते तपासून परत पाठवायचा. तोही आपल्यासारखाच आळशी, बॉझवेलला तगादा लावावा लागे.

तो ग्रंथ म्हणजे ‘अ‍ॅनल्स ऑफ स्कॉटलंड’. पहिला भाग १७७६ मध्ये आला, दुसरा १७७९ मध्ये. मागच्या आठवड्यात मी इथल्या होलीरूड राजवाड्यात गेलो होतो. तिथल्या लांब दिवाणखान्यात भिंतभर राजे टांगलेत. १६८४ मध्ये याकोब दे वेट नावाच्या डच चित्रकाराला ११० राजांचं काम दिलं होतं, ख्रिस्तपूर्व काळातल्या कुणा फर्गसपासून थेट तेव्हाच्या राजापर्यंत. त्यातले पहिले कितीतरी झालेच नाहीत, निव्वळ दंतकथा. चित्रकारानं तरी काय करावं? मला तर सगळ्यांना एकच नाक दिसलं. नातीला मोजायला सांगितलं, ती विसाव्या नाकाला कंटाळली.

हेल्सनं ही सगळी नाकं बाहेर ठेवली. सुरुवातच केली तिसऱ्या माल्कमपासून, म्हणजे अकराव्या शतकाच्या मध्यापासून, कारण तिथून मागे धुकं आणि दंतकथा. थांबला १३७१ च्या सुमाराला, स्टुअर्ट घराणं गादीवर आलं तिथे. मी लायब्ररीत बसून पहिला भाग चाळला. एक साल, एक घटना, कडेला आधार. पुढचं साल, पुढची घटना, पुन्हा आधार. दोन इतिवृत्तकारांचं पटत नसेल तर खाली टीप: हा असं म्हणतो, तो तसं म्हणतो, याचं अमुक कारणानं धरता येत नाही. अरे, हा निकालपत्राचा साचा आहे! निशाणी अमुक, साक्षीदार तमुक, उलटतपासणीत टिकला नाही. फक्त पक्षकार सहाशे वर्षांपूर्वी मेलेले. जॉन्सननं याची जी तारीफ केली तिचा मथितार्थ असा, की तारखा पक्क्या, घटना पक्क्या, आधार चोख. अलंकारांचा सोस नाही आणि तर्कांची कसरत नाही.

खरं सांगतो, वाचताना कंटाळाही आला. त्याच काळात याच शहरात तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूमसारखा माणूस इतिहास लिहीत होता, वाचत राहावा असा. हेल्सचं एक पानसुद्धा तसं नाही. युद्ध आलं काय आणि मठाला दिलेली जमीन आली काय, आवाज तोच. तारखा आणि रकमाच म्हण ना. पण नंतर ज्यांनी रंगवून लिहिलं, ते पाय टेकायला याच्याकडे आले.

ह्यूमवरून आठवलं. सगळं गोड सांगायला मी काही त्याचा वकील नाही. १७५४ मध्ये वकिलांच्या ग्रंथालयाचा ग्रंथपाल ह्यूम होता आणि देखरेखीच्या मंडळात सत्तावीस वर्षांचा डॅलरिंपल. ह्यूमनं मागवलेली तीन फ्रेंच पुस्तकं मंडळानं अश्लील म्हणून यादीतून काढायला लावली. एक तर ला फोंतेनच्या गोष्टी होत्या. ह्यूम भडकला. त्यानं लिहिलं, की ला फोंतेनहून सरस नसलेलं प्रत्येक पुस्तक हाकलायचं ठरलं, तर उरलेलं ग्रंथालय मी खिशात घालून नेईन. त्यानं जागा लगेच सोडली नाही, कारण इतिहास लिहायला पुस्तकं हवी होती. पगार मात्र ब्लॅकलॉक नावाच्या अंध कवीला देऊन टाकला. या भांडणात मी ह्यूमच्या बाजूचा. जुन्या पुस्तकांवर जीव टाकणाऱ्यानं पुस्तक बाहेर काढावं, हे मला पचत नाही. धर्माच्या बाबतीत हेल्स सोवळा होता. पुढे रोमचा इतिहास लिहिणाऱ्या गिबननं ख्रिस्ती धर्माच्या प्रसाराची ऐहिक कारणं मांडली तेव्हा यानं १७८६ मध्ये त्याला उत्तर लिहिलं, तेही संदर्भ तपासत तपासत.

पण हाच माणूस १७७० मध्ये जुन्या स्कॉट कवितांचं पुस्तक काढतो, ती कथा ऐक. १५६८ मध्ये एडिंबरात प्लेग होता. जॉर्ज बॅनटाइन नावाच्या तरुण व्यापाऱ्यानं त्या दिवसांत बसून कविता उतरवून काढल्या, शेकडो पानं. डनबार, हेन्रिसन अशा कितीतरी कवींचं बरंच काही त्या वहीमुळे वाचलं. दीडशे वर्षांनी अ‍ॅलन रॅमझीनं त्यातल्या काही १७२४ मध्ये छापल्या, पण हौसेनं शब्द बदलले, कुठे आपल्या ओळी घुसडल्या. हेल्सनं पुन्हा मूळ वही समोर घेतली आणि तिच्यात आहे तसं छापलं, टिपा आणि कोश जोडून. तिथे त्याची वेलांटी कामाला आली बघ. आपल्याकडे पुढे हायकोर्टाचे न्यायमूर्ती झालेले काशिनाथ त्र्यंबक तेलंग पोथ्या ताडून ‘मुद्राराक्षस’ संपादित करत होते, त्याच जातकुळीचं काम.

आणखी एक. कोर्टात बसून तो टिपणं काढायचा, कुठला न्यायाधीश काय बोलला ते. ती त्याच्यामागे १८२६ मध्ये दोन खंडांत छापली गेली. जोसेफ नाइट नावाचा आफ्रिकेत जन्मलेला माणूस जमैकाहून मालकाबरोबर पर्थशायरला आला आणि मी तुझा गुलाम नाही म्हणून कोर्टात उभा राहिला. १७७८ मध्ये कोर्टानं ठरवलं, की जमैकाची गुलामगिरी स्कॉटलंडचा कायदा ओळखत नाही. त्या दिवशीची न्यायाधीशांची मतं हेल्सच्या टिपणांत आहेत. बॉझवेलचे वडीलही न्यायाधीश; ते विचारतात, माणूस काळा आहे म्हणून गुलाम का? नाही, तो आपला भाऊ आहे. टिपताना हेल्सला आपण काही मोठं करतोय असं वाटलं असेल का? रोजनामा लिहावा तसं लिहिलंय.

त्याचा धाकटा भाऊ अलेक्झांडर मिसरूड फुटायच्या वयात कंपनीच्या नोकरीत मद्रासला आला. पुढे कंपनीच्या जहाजांसाठी समुद्राचे नकाशे करणारा मुख्य माणूस झाला आणि १७९५ मध्ये ब्रिटिश आरमाराचा पहिला नकाशाप्रमुख. थोरल्यानं तारखा पक्क्या केल्या, धाकट्यानं खडक आणि खोली. घरातच होतं ते.

आज हेल्सचं घर पाहून आलो. शहराच्या पूर्वेला मसलबराजवळ, न्यूहेल्स. १९९७ पासून जुन्या वास्तू जपणाऱ्या ‘नॅशनल ट्रस्ट फॉर स्कॉटलंड’कडे आहे. त्यांनी घर नवंकोरं केलं नाही, विटकं ते विटकं ठेवलंय. ग्रंथालय मोठं, जमिनीपासून छतापर्यंत फळ्या. जॉन्सन त्याला युरोपातला सगळ्यात विद्वान दिवाणखाना म्हणाला होता म्हणे. आणि फळ्या रिकाम्या! सुमारे ७००० पुस्तकं १९७० च्या दशकात नॅशनल लायब्ररीत गेली. ती इमारत पार्लमेंट हॉलच्या शेजारी. म्हणजे पुस्तकं फिरून त्याच्या कोर्टालगत आली. त्या रिकाम्या फळ्यांपुढे मी बराच वेळ उभा होतो. बाकीची मंडळी पुढच्या खोलीत गेली तरी.

एवढा कोरडा माणूस, पण पहिली बायको जुळ्यांच्या बाळंतपणात गेली, जुळीही गेली, तेव्हा यानं कविता लिहिली. लॅटिनमध्ये. बाप म्हणून जुळी पाहिली, छाती फुगली. लगेच एकाच हिरवळीखाली दोघांना निजवलेलं पाहिलं, असा तिचा आशय. रडायलाही त्याला जुनी भाषा लागली.

१७९२ च्या नोव्हेंबरात तो गेला. सगळ्यांच्या कागदांची छाननी करणाऱ्या या माणसाचं स्वतःचं मृत्युपत्र सापडेना! मुलगा नाही, मोठी मुलगी ख्रिश्चन. इस्टेट पुरुष वारसाकडे जायची वेळ आली. तिनं आशा सोडली आणि कॅननगेटमधलं शहरातलं घर बंद करायला नोकर पाठवले. खिडकीची झडप लावताना फळीमागून कागद खाली पडला. तेच मृत्युपत्र. पुढे चाळीसहून अधिक वर्षं न्यूहेल्स तिच्याकडे राहिलं, असं इथले जुने लोक सांगत आले.

तर आता तू असं कर. रुमाल माळ्यावरून खाली काढ. इतिहास नको काढूस. कागदाला क्रमांक टाक, तारीख लाव, कोण कुणाला किती देतो ते लिही, आणि वाचता आलं नाही तिथे ‘वाचता आलं नाही’ असं लिही. मी पुढच्या महिन्यात आलो की रोज दुपारी दोन तास येईन. मोडी मला तुझ्याइतकी येत नाही, पण निशाण्या टाकायला चालेन.

आणि ती वही कुठे ठेवतोस ते वहिनींना सांगून ठेव. खिडकीच्या फळीमागे नको. तुझ्या खिडक्या अ‍ॅल्युमिनियमच्या आहेत, काही पडायचं नाही.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
तोच तो दोन चरणांचा आरोपी