तिसरी सही तुमची, काकू

खालच्या मजल्यावरच्या काकूंना, सप्रेम नमस्कार.

आमच्या लग्नाला तुम्ही साक्षीदार म्हणून उभ्या राहिलात. त्याचे आभार चारचौघांत मानायचे होते, म्हणून हे जाहीर पत्र.

विशेष विवाह कायदा, 1954 प्रमाणे लग्न करायचं तर तीन साक्षीदार लागतात. ते नात्यातले किंवा जातीतले असावेत, अशी अट कायद्यात कुठेही नाही. आमची मैत्रीण आणि तिचा नवरा, हे दोघे पक्के होते. तिसरे घरातलेच, त्यांनी आदल्या रात्री अंग काढून घेतलं. "सही केली तर समाजात तोंड कसं दाखवू?" तारीख पुढे घेता आली असती, पण नोटीस दिल्यापासून तीन महिन्यांत लग्न लागलं नाही तर ती बाद होते आणि आमची मुदत संपतच आली होती. म्हणजे पुन्हा नोटीस, पुन्हा हरकतींसाठी तीस दिवस, पुन्हा घरात तीच रडारड.

रात्री दहाला तुमची बेल वाजवली. तुम्ही एवढंच विचारलंत, "आधार कार्ड आणि फोटो आणू ना?"

कार्यालयात कारकुनानं बोट ठेवलं तिथे तुम्ही लगेच सही केली नाहीत. चष्मा लावून आमची घोषणापत्रं वाचलीत: वय, आधीचं लग्न नाही, निषिद्ध नात्यातले नाही, खोटं लिहिलं तर कैद आणि दंड. मग मला बाजूला घेऊन विचारलंत, "हे सगळं खरं ना गं? तुझ्या मनानं चाललंय ना?" महिनोन्‌महिने जो तो आमच्या लग्नावर मत देत होता. माझ्या मनाचं त्या दिवशी पहिल्यांदा कुणी विचारलं. मी हो म्हटलं, तेव्हाच तुम्ही पेन उचललंत.

विवाह अधिकाऱ्यांसमोर 'मी तुमचा कायदेशीर पती म्हणून स्वीकार करते' हे मराठीतच म्हणता आलं. दोघांना समजेल ती भाषा कायद्याला चालते. माझा आवाज फुटेना, तेव्हा पाठीवर तुमचा हात होता.

नंतर प्रमाणपत्रावर आम्हा दोघांच्या आणि तुम्हा तिघांच्या सह्या झाल्या. हे प्रमाणपत्र लग्नाचा निर्णायक पुरावा मानलं जातं. उद्या कुणी कितीही नाकं मुरडली तरी आमचं लग्न झालं की नाही, हा वाद उरत नाही. या भक्कमपणात तुमचा वाटा आहे, काकू, आणि आम्ही तो जन्मभर विसरणार नाही.

प्रमाणपत्राची एक प्रत तुमच्यासाठी काढली आहे. संध्याकाळी दोघं घेऊन येतो.

तुमचे ऋणी,
आम्ही दोघं