पकड करणाऱ्या फिरत्या खेळाडूंचीही नोंद व्हावी

मा. संपादक महोदय,
सादर नमस्कार.

सोयाबीन निघाले, दिवाळी झाली की आपल्या भागात गावोगावी कबड्डीचे खुले सामने सुरू होतात आणि आपल्या क्रीडा पानावर त्यांचे निकाल नियमितपणे येतात, याबद्दल प्रथम आपले आभार. परंतु या निकालांत चढाईपटूंची नावे आणि छायाचित्रे असतात, तर ज्यांच्या पकडींनी सामना फिरला त्या कोपरारक्षकांचा आणि मध्यरक्षकांचा उल्लेख ‘इतरांनी चांगली साथ दिली’ एवढ्यावर आटोपतो. या खेळाडूंपैकी बरेच जण कोणत्याही एका मंडळाचे नसतात. जे मंडळ बोलावील त्याच्याकडून ते खेळतात. त्यांच्याविषयी लिहिताना मी एका परक्या देशातील खेळाडूचे उदाहरण मुद्दाम देत आहे.

अमेरिकेतील फुटबॉल हा आपल्या ओळखीच्या फुटबॉलपेक्षा निराळा, चेंडू हातात घेऊन पळण्याचा आणि अंगाला अंग भिडवून अडवण्याचा खेळ आहे. त्यात बचाव करणाऱ्या संघाच्या पहिल्या रांगेत तीन-चार धिप्पाड गडी असतात. रांगेच्या मध्यावरचा गडी चेंडूवाल्याला स्वतः फारसा पाडत नाही. तो समोरच्या दोघांना आपल्या अंगावर घेऊन अडकवून ठेवतो, आणि त्यामुळे मोकळ्या झालेल्या वाटेने मागचा सहकारी येऊन चेंडूवाल्याला लोळवतो. पाडणाऱ्याचे नाव आकडेवारीत लागते, अडवून धरणाऱ्याचे बहुधा लागत नाही.

रिकी जीन फ्रान्स्वा हा अशाच रांगेतला खेळाडू. २००९ मध्ये नव्या खेळाडूंच्या निवडीत सातव्या, म्हणजे शेवटच्या फेरीत सॅन फ्रान्सिस्कोच्या संघाने त्याला घेतले. पुढे इंडियानापोलिस, वॉशिंग्टन, ग्रीन बे, न्यू इंग्लंड आणि २०१८ मध्ये डेट्रॉइट, असे दहा हंगामांत सहा संघ त्याने पाहिले. २०१७ च्या एकाच हंगामात ग्रीन बेने त्याला सोडले आणि न्यू इंग्लंडने उचलले. त्याचे संघ दोनदा अंतिम सामन्यापर्यंत गेले आणि दोन्ही वेळा हरले. त्या देशाबाहेर त्याचे नाव फारसे कोणाला ठाऊक नसेल, पण दहा वर्षे टिकून राहणे ही त्या खेळात लहान गोष्ट नाही. बत्तीस संघ, प्रत्येकाकडे त्रेपन्न जागा, आणि करार असला तरी संघ खेळाडूला हंगामाच्या मध्यावरही काढू शकतो. आपल्याकडच्या सालदारालासुद्धा पाडव्याला ठरले की वर्षभराची खात्री असते; ती त्या खेळाडूंना नसते.

असे असूनही तेथील फिरता खेळाडू उघड्यावर पडत नाही, कारण १९५६ मध्ये स्थापन झालेली खेळाडूंची संघटना संघमालकांशी बसून करार करते. अगदी नवख्या खेळाडूचेही किमान वेतन त्या करारात ठरलेले असते, तीन हंगाम पुरे करणारा निवृत्तिवेतनाला पात्र होतो, आणि खेळ सोडल्यानंतरही काही वर्षे त्याचा आरोग्य विमा चालू राहतो. मैदानावर दुखापत झाल्यास उपचाराची जबाबदारी संघाची असते. हे सर्व नामांकित खेळाडूंइतकेच सातव्या फेरीत निवडलेल्यालाही मिळते, हे मला फार महत्त्वाचे वाटते.

आता आपल्याकडे पाहू. आमच्या तालुक्यातील एक उजवा कोपरारक्षक दिवसा कपाशीच्या वेचणीवर असतो आणि संध्याकाळी फोन आला की दुचाकीवर निघतो. आज ज्या गावाकडून खेळला, त्याच गावाविरुद्ध तो पुढच्या आठवड्यात उभा राहतो. सामन्यापूर्वी तो दोन बोटे चिकटपट्टीने एकत्र बांधतो, गुडघ्याला क्रेप बँडेज गुंडाळतो आणि शेजाऱ्याच्या हातात हात गुंफून वाकून उभा राहतो. चढाईपटू बोनस रेषेकडे झेपावला तरी तो हलत नाही. चढाईपटूचा मागचा पाय उचलला जाईपर्यंत थांबतो आणि मग थेट घोट्यावर जातो. त्यानंतर पाच-सहा अंगे एकमेकांवर कोसळतात आणि सगळ्यांत खाली तोच असतो. अशाच एका पकडीत त्याच्या गुडघ्याचा अस्थिबंध तुटला. मंडळाने ग्रामीण रुग्णालयातील पहिल्या मलमपट्टीचा खर्च केला. नागपूरची शस्त्रक्रिया घरच्यांनी उसनवारीवर केली.

प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेचा हप्ता वर्षाला अवघा २० रुपये आहे, परंतु तिची भरपाई अपघाती मृत्यू आणि कायमच्या अपंगत्वापुरती आहे. शस्त्रक्रियेचा खर्च तीत बसत नाही. शासकीय नोकरीत खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे, पण त्यासाठी अधिकृत स्पर्धांची प्रमाणपत्रे लागतात, आणि खुल्या सामन्यांत आयुष्य काढलेल्या खेळाडूकडे चषकांशिवाय काही नसते. तेही बहुधा मंडळाच्या कपाटात.

बचावाला किंमत नसते, असे म्हणण्याचे दिवस गेले. २०२३ च्या प्रो कबड्डी लिलावात पुणेरी पलटणने इराणच्या मोहम्मदरझा शादलूईसाठी २ कोटी ३५ लाख रुपये मोजले, ते त्याच्या पकडींमुळेच. आणि कबड्डीत विदर्भ मागे होता असेही नाही. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी या खेळाचे प्रात्यक्षिक जगाला दाखवले होते.

म्हणून आयोजक मंडळांना माझे कळकळीचे सांगणे आहे की, बक्षिसांच्या रकमेतील काही भाग स्पर्धेच्या दिवसांपुरत्या सामूहिक अपघात विम्यासाठी बाजूला काढावा, आणि तो विमा घेताना शस्त्रक्रियेचा खर्च त्यात आहे की नाही हे नीट वाचून घ्यावे. बाहेरून बोलावलेल्या खेळाडूसह प्रत्येकाचे नाव, वजनगट, जागा आणि पकडींची संख्या वहीत लिहून ठेवावी व त्याची सही-शिक्क्याची प्रत खेळाडूला द्यावी. जिल्हा संघटनांनी या नोंदी निवड चाचणीच्या वेळी विचारात घेतल्या, तर वयाने आणि दुखापतीने मागे पडण्यापूर्वी काहींना तरी वरची वाट सापडेल.

आपल्याकडे एकच विनंती आहे. आमच्या तालुक्यातील सामन्यांचे निकाल यापुढे मी पकड करणाऱ्यांच्या नावांसह आणि पकडींच्या संख्येसह पाठवीन. जागा कमी पडली तर माझे वर्णन खुशाल कापावे, ती नावे मात्र कापू नयेत.

आपला,
एक निवृत्त क्रीडा शिक्षक
ता. दारव्हा, जि. यवतमाळ