दोष चुन्याचा नव्हे, सिमेंटचा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गणपती पेठेतील जुन्या दुमजली पेढीविषयी कालच्या अंकात आलेली बातमी दोनदा वाचावी लागली, कारण पहिल्या वाचनात ती आमच्याच पेठेविषयी आहे हे ध्यानात आले नाही. ‘ब्रिटिशकालीन, इंग्रजी धाटणीची इमारत’ असे तिचे वर्णन आहे. सांगली 1948 पर्यंत पटवर्धनांचे संस्थान होते, हे आपल्या वार्ताहरांना कोणी सांगितले नसावे. दर्शनी भागातील सुरूदार लाकडी खांब आणि त्यांवरच्या महिरपी सरळसरळ पेशवाईतील वाड्यांच्या घडणीच्या आहेत. आणि तिच्या छपरावरच्या मंगलोरी कौलांचे मूळ शोधायचेच तर ते स्वित्झर्लंडमधील बासेल मिशनने 1865 मध्ये मंगळुरात काढलेल्या कारखान्यात सापडते. इंग्रजांच्या वाट्याला तिथेही काही येत नाही.

हे एक वेळ सोडून दिले असते. परंतु ‘वयोमानामुळे भिंती ओलीने पोखरल्या असून इमारत पाडण्यावाचून गत्यंतर नाही’ हे वाक्य मात्र सोडवत नाही.

माझे वडील त्या पेढीवर दिवाणजी होते. शाळा सुटली की मी हळदीच्या पोत्यांना टेकून बसत असे, आणि दिवेलागणीला दुकानाच्या फळ्या खाचेत सरकवण्याचे काम माझ्याकडे असे. प्रत्येक फळीवर देवनागरी आकडा कोरलेला होता; सातवी नवव्या जागी गेली की शेवटची बसत नसे आणि सगळ्या काढून पुन्हा लावाव्या लागत. तेव्हा रस्त्यावरून ओट्यावर जायला चार पायऱ्या होत्या. कृष्णेकाठच्या गावात जोते उंच घ्यावे एवढे शहाणपण बांधणाऱ्याकडे होते. आज त्यांतली एकच पायरी दिसते. ओटा खचलेला नाही. जुना थर न खरवडता दर वेळी वरून डांबर ओतल्याने रस्ताच वर आला आहे आणि पावसाचे पाणी थेट उंबऱ्याशी येऊन थांबते. हे वयोमान इमारतीचे की रस्त्याचे?

त्यात खालच्या मजल्याला आतून-बाहेरून सिमेंटचा गिलावा झाला. त्याचा परिणाम मी स्वतःच्या घरी भोगतो आहे. 2005 च्या पुरानंतर एका जाणकार म्हणवणाऱ्या ठेकेदाराच्या सल्ल्याने गावभागातील आमच्या घराच्या दर्शनी भिंतीचा चुना काढून मी सिमेंट लावले. पैसे संपल्यामुळे मागची भिंत तशीच राहिली, हे आमचे नशीब. 2019 मध्ये आयर्विन पुलापाशी पाणी 57 फुटांवर गेले तेव्हा दोन्ही भिंती सारख्याच बुडाल्या होत्या. चुन्याच्या भिंतीतली ओल बाहेर पडू शकते, म्हणून मागची भिंत हळूहळू कोरडी झाली. पुढच्या भिंतीत मात्र पाणी सिमेंटच्या आड कोंडून राहिले, त्यातले क्षार विटांत साठले आणि तिला जो लोणा लागला तो अजून सुटलेला नाही. दर पावसाळ्यात पोपडे पडतात आणि त्यांबरोबर विटांचा चुराही खाली येतो. तो ठेकेदार पुन्हा फिरकला नाही. फिरकला असता तर त्यानेही घर जुने झाले म्हणूनच सांगितले असते.

पेढीचा वरचा मजला वार्ताहरांनी पाहिला काय? तिथे गिलावा अजून चुन्याचा आहे आणि सागवानी तुळयांवरचा कडीपाट (लाकडी कड्या-फळ्यांचे छत) मागच्या पावसाळ्यापर्यंत तरी ठणठणीत होता. वय दोन्ही मजल्यांचे एकच. इमारत धोकादायक ठरवण्याचा अधिकार महापालिकेला आहे, तो कोणी नाकारत नाही. परंतु हातोडा घालण्याआधी खालचे सिमेंट हातभर खरवडून भिंत काही महिने वाळू द्यावी आणि मग चुन्याची जाण असलेल्या माणसाकडून ती तपासून घ्यावी.

जाता जाता एक. बातमीसोबत छापलेले छायाचित्र शेजारच्या कापड दुकानाचे आहे. पेढी त्यात डाव्या कोपऱ्यात, वाढदिवसाच्या फ्लेक्समागे आहे.

आपला,
एक जुना वाचक, गावभाग, सांगली