सडा पडीक नसतो हो

संपादक साहेब, नमस्कार.

परवाच्या अंकात आमच्या रत्नागिरीकडच्या सड्याची, म्हणजे जांभ्याच्या उघड्या सपाट कातळाची बातमी आली, त्यात तीन वेळा ‘पडीक कातळ’ छापलंय म्हणून लिहायला बसलो. तुमचा तरी काय दोष म्हणा, सातबाऱ्यावरही तेच, पोटखराबा, म्हणजे लागवडीला न लागणारी जमीन. एप्रिलात बघितलं तर चप्पल चिकटेल असा तापलेला काळा जांभा, कोणीही पडीकच म्हणणार.

पण गणपतीत या. कातळाच्या खळग्यात इंच-दोन इंच माती, तिच्यावरून झिरझिर वाहणारं पाणी, आणि लांबून वाटतं की कोणीतरी नीळ सांडून ठेवलीय. ती सीतेची आसवं, हे फुलाचं नाव. उकिडवं बसून बघा, दोऱ्याएवढा देठ, करंगळीच्या नखाएवढं निळं-जांभळं फूल, मधोमध पांढरट ठिपका. नाव एवढं हळवं पण झाड मांसाहारी बरं का! इथल्या मातीत नायट्रोजन नसल्यात जमा, मग हे चिखलात बारीक बारीक फुगे धरून बसतं, एखादा सूक्ष्म जीव फुग्याच्या तोंडावरच्या केसाला लागला रे लागला की झडप उघडते आणि पाण्यासकट तो आत, डोळ्याचं पातं लवायच्या आत. श्रावणी सोमवारीसुद्धा चालूच असतं त्याचं. शेजारी गेंदाच्या फुलांची पांढरी बटणं, नीट शोधलं तर दवबिंदू नावाचं लालसर चिकट रोपटंपण. पाऊस सरला की दिवाळीपर्यंत सगळं वाळून जातं.

हीच मंडळी बघायला लोक साताऱ्याला कास पठारावर तिकीट काढून जातात, २०१२ पासून तर पश्चिम घाटाबरोबर त्याला युनेस्कोचा मान आहे. आणि आमच्याकडे सडा दिसला की चिऱ्याची (बांधकामाच्या जांभ्या दगडाची) खाण नाहीतर कलमांची लागवड.

दुसऱ्याला काय बोलणार, आम्हीच केलंय. चार वर्षांपूर्वी काकांनी आणि मी सड्याच्या एका तुकड्यावर कलमांसाठी डंपरने माती ओतली, पाणी अडलं, खताची माती ती, पहिल्याच पावसात टाकळा आणि रानमोडीचं तण कमरेएवढं, आसवं एक नाही. बांधापलीकडे पाच पावलांवर मात्र दरवर्षी येतात. आजी बांधावर उभी राहून बघते आणि काही बोलत नाही, ते जास्त लागतं.

कलमांतली निम्मी मेलीच आहेत. ती माती काढून कातळ पुन्हा उघडा केला तर आसवं परत येतील का, कोणी करून बघितलं असेल तर तुमच्या पेपरातून कळवा. काका तयार आहेत, डंपरचं भाडं मी देतो.

— एक वाचक, रत्नागिरी तालुका